स्थळपाहणी

अर्ज क्रमांक एकशे सदतीस.
अर्जदार उखर्डू चिंधू बडगुजर,
एस.टी.च्या चोपडा आगारातून निवृत्त, हेड मेकॅनिक.
विषय: राहत्या प्लॉटच्या मागच्या मोकळ्या जागेत
अवजारे ठेवण्यासाठी पत्र्याची शेड, दहा बाय आठ.

टेप घेऊन पोहोचलो तेव्हा बारा वाजून गेले होते.
मे महिना. गल्लीतलं कुत्रं
गटारीच्या ढाप्याखाली अर्धं शिरून पडलेलं.
मी रत्नागिरीकडचा, इथला दुसरा उन्हाळा,
अजूनही स्कूटरला हात लावताना विसरतो
आणि बोटं झटकतो.

नकाशा अर्जासोबत जोडला होता,
गणिताच्या वहीतल्या चौकटींच्या कागदावर, पेन्सिलीने.
उत्तरेचा बाण बरोबर. मापं बरोबर.
एका कोपऱ्यात मोठं वर्तुळ, त्यात लिहिलेलं: निंब.
आमच्या नकाशात झाडाला चिन्ह असतं.
नाव लिहायची पद्धत नाही.

शेड आधीच तिथे होती.
मी म्हणालो, काका, परवानगीच्या आत उभी केलीत?
"उभी नही साहेब. ठेयेल शे."

मागच्या हद्दीपासून दीड मीटर, भरलं.
बाजूच्या भिंतीपासून एक मीटर हवा,
भरले सत्त्याण्णव सेंटिमीटर.
तीन कमी पडतात, मी म्हणालो.
थांबा, म्हणाले.
बुंध्याला टेकवलेली पहार उचलली,
पत्र्याच्या खाली घातली, खांदा लावला.
शेड सरकली.
आतले पाने एकमेकांवर आपटून वाजले.
पुन्हा मोजलं. एकशे चार.

मी गुडघ्यावर बसून खाली पाहिलं.
जोतं नाही. पाया नाही.
भंगारातल्या ट्रॉलीची चार चाकं, ग्रीस ताजं,
प्रत्येक चाकाला विटेचा तुकडा लावलेला.
"हाई बांधकाम नही, हाई गाडं शे."

चाकं असली की वाहन, मी म्हणालो,
वाहन आमच्याकडे येत नाही, ते आरटीओकडे.
"जळगावले बी गयथू.
त्या म्हनतस, इंजिन कोठे शे?"

मग अर्ज कशाला केलात?
त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं
की आगारातला एखादा नवा पोऱ्या
ब्रेक न बघताच गाडी काढायला निघालाय.
तेहतीस वर्षं, म्हणाले, लॉगशीटवर सही नसली
तर गाडी फाटकाबाहेर सोडली नाही.
आता स्वतःचीच कशी सोडू?

आत खिळ्यांवर पाने लावलेले, नंबरवारीने.
तेरा-चौदाचा खिळा रिकामा.
मी विचारलं नाही.
एक स्टूल, एक माठ, एक विळा,
साहेबांना बसायला म्हणून झटकलेलं पोतं.
बसलो. आणि तेव्हा लक्षात आलं,
बाहेर पत्र्याला हात लावता येत नव्हता
आणि इथे लावता येत होता.

मातीत चाकांची वाट पडली होती,
निंबाला वळसा घालून, पश्चिमेकडून पूर्वेकडे.
सकाळी शेड त्या टोकाला. आता बुंध्याशी.
साडेपाचला या टोकाला, भिंतीला चिकटून,
तिथे सामासिक अंतर
मोजायचं म्हटलं तर चार बोटं.
"सावली सरकनी का मी सरकाडस."

आणि सावली तर तिथेही थांबत नाही.
भिंत ओलांडून शेजारी हमीदाबींच्या अंगणात उतरते,
त्यांच्या बाजेवर, शेवयांच्या सुपावर,
शेळीच्या पाठीवर.
"तिले कोनी परवानगी दिन्ही?"
हसले नाहीत. खरंच विचारत होते,
नियम माहीत असलेल्या माणसाला.

माठातलं पाणी प्यालो. फॉर्म मांडीवर घेतला.
रकाना नऊ: बांधकामाची सद्यःस्थिती.
खूप वेळ पेन तिथेच.
मग लिहिलं:
पाहणीच्या वेळी हद्दीत आढळले.

पाहणीची वेळ लिहायला रकाना नाही.
समासात लिहिली,
दुपारी बारा चाळीस,
आणि तिच्याखाली छोटी सही केली.
त्यांनी चष्मा पुसून ती वाचली,
दोनदा वाचली,
आणि वीट पायाने पुन्हा चाकाखाली सारली.